जिची मिरची, ती समोर

मंगळवार पेठेतल्या त्या बोळात फेब्रुवारी उजाडला की माणसं शिंकायला लागतात आणि जूनमध्ये थांबतात. बाहेरगावचं कुणी आलं तर त्याला वाटतं साथ आलीय. साथबीथ काही नसते. तानाबाई इंगवलेचा डंक सुरू झालेला असतो, एवढंच.

डंक म्हणजे चटणी कुटायचं यंत्र. जमिनीत बसवलेली चार लोखंडी उखळं, त्यांत धाडधाड आदळणारी चार मुसळं, मागे मोटर, आणि आवाज असा की समोरच्या घरातला टीव्ही चार महिने नुसता बघायचा असतो. आणि चटणी म्हणजे आमच्याकडे वर्षभराचं कांदा-लसूण घातलेलं तिखट. ती दुकानातून पुडीनं आणणाऱ्या घराकडे पेठेत जरा दयेनंच बघतात. प्रत्येक घराची चटणी वेगळी, आणि तिचं प्रमाण बाई आपल्या सख्ख्या जावेलाही सांगत नाही.

म्हणून तानाबाईच्या डंकावर एक नियम होता. भिंतीवर ऑइलपेंटनं लिहिलेला: ‘जिची मिरची तिने समोर बसावे. उठल्यास यंत्र बंद होईल.’ एका डंकावर पूर्वी दोन घरांची मिरची एकत्र झाली होती आणि त्यावरून ठरलेलं लग्न मोडलं होतं, असं ती सांगायची. खरं-खोटं तिलाच ठाऊक. पण नियम म्हणजे नियम. बाई लघवीला उठली तरी मुसळ वरच्यावर टांगलं जाई आणि ती परत येऊन पाटावर बसेपर्यंत खाली येत नसे. दुसरा नियम सोमवारचा. सोमवारी सकाळी पहिले नंबर जैनांच्या घरांचे. आदल्या रात्री उखळं गरम पाण्यानं धुऊन, पुसून, कोरडी करून ठेवलेली, कांद्या-लसणाचा वाससुद्धा नाही. जयसिंगपूरपासून बायका येत त्या एवढ्याचसाठी.

हा डंक तानाबाईचा, हे पेठेतल्या शेंबड्या पोरालाही माहीत होतं. माहीत नव्हतं ते फक्त सरकारला.

सरकारच्या कागदावर मालक होते तिचे यजमान, हंबीरराव. त्याचं असं झालं. १९९४ साली हंबीरराव उद्यमनगरातल्या एका फौंड्रीतली नोकरी सोडून घरी बसले होते. मुकादमाशी पटलं नाही म्हणून. तसं त्यांचं कुणाशीच पटत नसे, मुकादम आपला निमित्ताला. तानाबाई तेव्हा शेजारच्या चार घरांची चटणी हातानं कुटून देत असे. राधानगरीकडची पोर, दंडात ताकद होती. पण किती कुटणार? त्याच सुमारास सरकारनं सुशिक्षित बेरोजगारांना धंद्यासाठी कर्ज आणि वर थोडं अनुदान द्यायची योजना काढली. तानाबाईनं कुणाकडून तरी ऐकलं, लुगडं बदललं आणि थेट ऑफिस गाठलं.

खिडकीतल्या साहेबांनी विचारलं, “शिक्षण?”

“सातवी पास.”

“दहावी पाहिजे.”

“दहावी पास न्हाय ओ मी.”

“पासच पाहिजे असं नाही बाई. नापास चालते. पण दहावी पाहिजे.”

सातवी पास चालत नव्हती, दहावी नापास चालत होती. आता यात शहाणपण कुठं आहे ते मला विचारू नका, मी काही ती योजना काढली नव्हती. हंबीरराव दहावीला तीनदा नापास झाले होते. म्हणजे ते तिप्पट पात्र होते. अर्ज त्यांच्या नावानं गेला आणि पहिल्या झटक्यात मंजूर झाला.

मग उद्योजकांचं प्रशिक्षण आलं. हंबीरराव इस्त्रीचा शर्ट घालून पंधरा दिवस गेले. तिथं त्यांना दुबईला माल कसा पाठवायचा ते शिकवलं, रोज सामोसा दिला आणि शेवटी एक रेक्झिनची फाइल दिली. इकडे नेमक्या त्याच पंधरवड्यात यंत्र बसवायला फिटर आला. घरात जे माणूस सापडलं त्याला त्यानं सगळं शिकवलं. मुसळ आकड्याला कसं अडकवायचं, बटण दाबायच्या आधी पट्ट्याला तळहातानं ढकलून चाक कसं फिरतं करायचं, पट्टा घसरला तर राळ कुठं लावायची. घरात माणूस होतं ते तानाबाई. हंबीरराव फाइल घेऊन परत आले तेव्हा डंक धडधडत होता. त्यांनी लांबूनच पाहिलं, तीन शिंका दिल्या आणि चौकातल्या पानपट्टीवर जाऊन बसले. पुढची एकतीस वर्षं ते तिथंच बसले म्हटलं तरी चालेल.

वर्षभरात अनुदानाची तपासणी आली. जाड चष्म्याचे एक साहेब, बरोबर शिपाई. यंत्र होतं, वीज होती, उखळ मिरचीनं भरलेलं होतं. नव्हती ती फक्त मिरचीची धनीण. चिमणाबाई, मागच्या गल्लीतली. नळाला पाणी आलं म्हणून घागर घेऊन पळाली होती.

“चालू करा, बघू,” साहेब म्हणाले.

“चिमणाबाई येऊ देत की.”

“चिमणाबाई कोण? भागीदार?”

“मिरची तिची हाय.”

साहेबांनी पाच मिनिटं वाट पाहिली. दहा पाहिली. हंबीरराव पानपट्टीवरून धावत आले, बायकोच्या हातापाया पडायचे बाकी राहिले. तानाबाईनं मुसळाचा आकडा काही सोडला नाही. साहेबांनी नाकाला रुमाल लावून वहीत लिहिलं, ‘यंत्र बंद स्थितीत आढळले.’ आणि निघून गेले. साहेबांची जीप वळते न वळते तोवर चिमणाबाई दोन घागरी घेऊन हजर झाली. “काय गं, कोण आलतं?” तिनं विचारलं. वहीतल्या त्या एका वाक्यापायी अनुदान दोन वर्षं लटकलं. हंबीररावांनी तो विषय पुढं प्रत्येक भांडणात काढला, अगदी भांडण भाजीच्या मिठावरून सुरू झालेलं असलं तरी.

त्यानंतर सरकारनं गप्प बसावं की नाही? पण दर सात-आठ वर्षांनी सरकार नवी योजना काढी आणि हंबीरराव नवा फोटो. एक आली ती फक्त नव्या धंद्यासाठी होती. चालू धंदा तिथं दोष मानला जाई. एक आली ती गावाकडच्यांसाठी, पेठेचं नाव ऐकताच खिडकी बंद. मिळायचं काहीच नाही, पण मेळावे मात्र होत, आणि मेळाव्याला ‘यशस्वी लघुउद्योजक’ लागत. हंबीररावांना तीन शाली मिळाल्या. नारळ किती, ते मोजले नाहीत. भाषणात ते सांगत, “मी शून्यातनं उभा राहिलो.” उभं राहायचं काम दुसरंच कुणी करत होतं, हे मांडवात बसलेल्या पेठेतल्या बायकांना ठाऊक असे. त्या टाळ्या वाजवत आणि एकमेकींना कोपरानं ढोसत.

तानाबाईला याचं फारसं काही वाटत नसे. चेष्टेवारी नेई. लागलं ते एकदाच.

मधे एकदा तारण न घेता छोट्या धंद्यांना कर्ज द्यायची योजना आली, बायकांना आधी, असं रेडिओवर सांगत. तानाबाई बँकेत गेली. ऐन हंगाम, नखांत तिखट, पदराला तिखट. काउंटरवरच्या पोरानं संगणकात बघितलं. वीज मीटर हंबीररावांचं, दुकानाचा परवाना हंबीररावांचा, जुनं कर्ज हंबीररावांचं. त्यानं दोनदा शिंकून टाइप केलं, ‘व्यवसाय : गृहिणी.’ पडदा तिच्याकडे वळवून विचारलं, बरोबर आहे ना? तिला वाचता येत होतं. सातवी पास होती ती. ती उठली आणि घरापर्यंत चालत आली. त्या दिवशी डंक संध्याकाळपर्यंत बंद होता, आणि बोळातल्या लोकांना आवाज नाही म्हणून दुपारची झोप लागली नाही.

मग उजाडलं २०२५. डंक म्हातारा झाला. चारातली दोन मुसळं कायमची आकड्याला टांगली गेली, मोटर तापायला लागली. फिटर म्हणाला, “मावशी, हा हंगाम काढंल. पुढचा न्हाय.” तेवढ्यात सून क्रांतीनं मोबाइलवर नवी योजना शोधली. घरगुती खाद्य उद्योगांसाठी होती. चालू धंदा चालत होता. शिक्षणाची अट नव्हती. एकच घोडं अडत होतं. हंबीररावांनी पूर्वी लाभ घेतलेला, त्यांचं नाव चालणार नव्हतं. तानाबाईचं चालणार होतं, पण त्यासाठी मीटरच्या मालकाची सही हवी, आणि धंदा ही बाईच चालवते हे अधिकाऱ्यानं येऊन डोळ्यांनी पाहायला हवं.

क्रांतीनं छापलेला कागद सासऱ्यांपुढं ठेवला. ‘सदर व्यवसाय माझी पत्नी प्रथमपासून स्वतः चालवीत आहे.’

हंबीररावांनी तो चष्मा लावून वाचला, चष्मा काढून वाचला. “पेठेत मला डंकवालं हंबीरराव म्हणत्यात,” ते म्हणाले. “उद्या काय म्हणतील?”

“तानाबाईचं हंबीरराव म्हणतील,” तानाबाई आतून म्हणाली. “त्यात काय वंगाळ हाय?”

त्यांनी पाणीसुद्धा न पिता पानपट्टी गाठली. कागद टीव्हीखाली पडून राहिला. आठ दिवस त्यावर धूळ बसली, म्हणजे तिखटच. तानाबाईनं एकदाही ‘सही करा’ म्हटलं नाही. ती रोज येता-जाता त्या कागदाकडे बघायची. पुसायला घेतल्यासारखं करून एकदा तिनं त्यावर बोटही फिरवलं, ‘स्वतः’ या शब्दावर. तिला तो कागद हवा होता. नव्या मोटरीपेक्षाही हवा होता, हे तिनं क्रांतीला एकदाच सांगितलं आणि वर दम दिला, “कुणाला बोलू नगंस.”

एप्रिलातल्या एका दुपारी अधिकारी आला. तिशीतला, बारीक चणीचा, पाठीला सॅक. अनेकांत चौगुले, त्यानं नाव सांगितलं आणि लगेच शिंकला. त्याच्या फोनमध्ये सरकारी अॅप होतं. अर्जदार यंत्राशेजारी उभा, यंत्र चालू, असा व्हिडिओ तिथल्या तिथं काढून चढवायचा. पाचनंतर अॅप घेत नाही, आणि त्याला अजून तीन ठिकाणी जायचं होतं. हंबीरराव पानपट्टीवरून बातमी कळून आलेच होते. अंगात इस्त्रीचा शर्ट.

“चालू करा मावशी,” अनेकांत म्हणाला.

तानाबाईनं उखळाकडे बघितलं. चालू राहिलेली दोन्ही उखळं एकाच मिरचीनं भरलेली होती. समोरचा पाट रिकामा होता.

“चिमणाबाई गेलीया,” ती म्हणाली. “बीपीची गोळी ऱ्हायली म्हणून. येईल की.”

हंबीररावांनी कपाळावर हात मारून घेतला. तीस वर्षं! तीच बाई, तीच मिरची, तेच सरकार. “अगं, निम्मी जिंदगी गेली त्या चिमणीपायी!” ते ओरडले. “एक मिंट चालू कर. तुजंच काम हाय न्हवं?”

“माजं काम हाय, पण मिरची माजी न्हाय.”

तिला कळत होतं. घड्याळात चार वाजून गेले होते, चिमणाबाईच्या गुडघ्यांना आता पळणं जमत नव्हतं, आणि हा पोरगा फोनमध्ये पुन्हा तेच वाक्य लिहून निघून जाणार होता. यंत्र बंद स्थितीत. आकडा हाताशी होता. नुसता सोडायचा. बोळात कुणाला कळलंही नसतं. तिनं हात पदराला पुसले आणि मागं घेतले.

“मग मी चालू करतो!” हंबीरराव गरजले. “मालक कोण हाय हितं?”

ते तरातरा यंत्राकडे गेले. जाऊन उभे राहिले. भिंतीवर तीन बटणं होती. त्यांनी पहिलं दाबलं, बाहेरचा दिवा लागला. दुसरं दाबलं, पंखा सुरू झाला आणि कुणाच्या तरी पातेल्यातलं तिखट थेट त्यांच्या इस्त्रीच्या शर्टावर आलं. तिसरं दाबलं तेव्हा मोटर हूं करून कण्हली, पट्टा जागच्या जागी थरथरला, चाक हललं नाही. मुसळं होती तिथंच टांगलेली. नंबर लावून बसलेल्या बायकांनी पदर तोंडात कोंबले. जळका वास सुटला तशी तानाबाई झटकन पुढं झाली आणि तिनं बटण बंद केलं.

अनेकांतनं फोन खाली घेतला. “काका,” त्यानं विचारलं, “हे यंत्र चालवतं कोण?”

सरकारी प्रश्न होता, फॉर्मातलाच. पण नंबरातल्या सगळ्या बायकांनी माना वळवल्या. हंबीरराव शर्ट झटकत उभे होते. त्यांनी बायकांकडे बघितलं, दारात जमलेल्या पानपट्टीवरच्या दोस्तांकडे बघितलं. भिंतीवरच्या तीन बटणांकडे बघितलं. मग बायकोच्या हातांकडे बघितलं. ते हात कोपरापर्यंत लाल होते, आणि असे लाल ते कधीपासून आहेत हे त्यांना आठवेना.

“मला येत न्हाय,” ते म्हणाले.

“काय?”

“चालवाय येत न्हाय मला, सायेब. एकतीस वर्सांत हात लावल्याला न्हाय. लिवा तसं.” घसा खाकरून ते घरात गेले, टीव्हीखालचा कागद काढून आणला आणि दारातल्या मिरचीच्या पोत्यावर ठेवून सही केली. डोळ्यांतून पाणी येत होतं. तिखटाचं असेल. नसेलही.

तानाबाईनं कागद घेतला आणि उगाच म्हणाली, “शर्ट बदला जावा, आग व्हईल.”

एवढं होऊनही व्हिडिओ बाकीच होता. चिमणाबाईचा पत्ता नव्हता. क्रांती तिला आणायला गाडी घेऊन पळाली. अनेकांतनं घड्याळ बघितलं आणि पाण्याची बाटली काढायला सॅक उघडली. बाटलीबरोबर चटणी-भाकरीचा डबा बाहेर आला. तानाबाईचं नाक हललं.

“हिंग,” ती म्हणाली. “दगडफूल जास्त, कांदा-लसूण न्हाय. त्रिशलाताईंचं पोर काय तुमी?”

अनेकांत बघतच राहिला. “आईला ओळखता?”

“सोमवारचा पैला नंबर. दर साल पाडव्याच्या आदी.”

पोरगा हसला. मग भिंतीवरची ऑइलपेंटची पाटी त्यानं आत्ता कुठं वाचली. “मावशी, मला आठवतंय हे,” तो म्हणाला. “आई बाजारात गेली की मला या पाटावर बसवून जायची. म्हणायची, हलू नको, तू उठलास तर मावशी यंत्र बंद करतील. मी नाक धरून बसलेलो असायचो.” त्यानं फोन हातात घेतला, तपासणीचा तक्ता उघडला. यंत्राची स्थिती, असा रकाना होता. तिथं त्यानं बराच वेळ काहीतरी टाइप केलं आणि मोठ्यानं वाचून दाखवलं, “यंत्र सुस्थितीत. मालाची मालकीण गैरहजर असल्याने अर्जदाराने ते चालू करण्यास नकार दिला. अर्जदारच यंत्र चालवते, याबद्दल खात्री झाली.”

“आन् व्हिडिओ?” हंबीररावांनी घरातून विचारलं. ते बदलीचा शर्ट घालत होते.

“पाचाला वेळ आहे. बसतो मी.”

आणि तो खरंच बसला. पावणेपाचला चिमणाबाई क्रांतीच्या गाडीवरून उतरली, गुडघे धरत आली, पाटावर टेकली आणि म्हणाली, “काय गं, कोण आलंय?” बायका एवढ्या हसल्या की तिला राग आला. तानाबाईनं पट्ट्याला तळहात लावला, चाक फिरतं केलं, बटण दाबलं, आकडा सोडला. धाड. धाड. बोळ शिंकला. व्हिडिओत अधिकाऱ्याची शिंकसुद्धा आली आहे म्हणतात.

मंजुरीचा कागद मेअखेर आला. त्यावर नाव होतं, सौ. तानाबाई हंबीरराव इंगवले, आणि पुढं ‘व्यवसाय : मसाला कांडप.’ तिनं तो दोनदा वाचला, घडी घालून ब्लाउजमध्ये ठेवला आणि कामाला लागली. फ्रेम करा म्हणून क्रांती मागे लागली, तर म्हणाली, “हंगाम संपू दे.”

हंगामाच्या अगदी शेवटी, बायकांची वर्दळ संपल्यावर, दरवर्षी घरची चटणी व्हायची. या वर्षी मिरची हंबीररावांनी मार्केटातून स्वतः निवडून आणली, संकेश्वरी आणि ब्याडगी. उन्हात वाळवली, देठं काढली, भाजायचं तेवढं क्रांतीनं भाजलं. पातेलं डंकाशी आणून ठेवून ते चप्पल घालायला लागले.

“कुठं निगाला?” तानाबाई म्हणाली.

“चौकात. व्हऊ दे तवर.”

तिनं मुसळ आकड्यालाच ठेवलं आणि भिंतीकडे बोट केलं.

“आगं, घरची मिरची हाय ही!”

“तुमी आणली. तुमची हाय.”

हंबीररावांनी पाटी वाचली. जणू पहिल्यांदाच वाचत होते. मग चप्पल काढली, पाट ओढला आणि मांडी घालून बसले, मिरचीसमोर. तानाबाईनं पट्ट्याला तळहात लावला. धाड, धाड, धाड. ते शिंकले, डोळे पुसले, पुन्हा शिंकले. पाचेक मिनिटांनी दारात पानपट्टीवरचा दोस्त दिसला. त्याला हात करायला ते जरासे उठले.

यंत्र थांबलं.

“बसा,” तानाबाई म्हणाली.

हंबीरराव बसले.